रेनाल, जाकी
(जन्म १९४०). फ्रेंच चित्रपट-संकलक, दिग्दर्शिका व अभिनेत्री. एरिक रोमेर यांच्या ‘ला कोलेक्सिओनझ’ (१९६७) या चित्रपटाच्या, तसेच शाब्रोल, गोदार, रोमेर आदी सहा दिग्दर्शकांच्या लघुपटांनी बनलेल्या ‘पारी व्यू पार’च्या (१९६५) संकलनामुळे फ्रेंच चित्रपटांतील ‘न्यू वेव्ह’ या चळवळीच्या वर्तुळात त्यांचे नाव झाले. १९६८च्या सुमारास त्या ‘झांझिबार’ या प्रयोगशील गटात आल्या. सिल्विना ब्वासोना या धनिक तरुणीच्या पैशावर हा गट व्यावसायिक हिशेबाची पर्वा न करता चित्रपट काढत असे.

याच पैशातून बार्सिलोनात चित्रित झालेला कृष्णधवल ‘द्यॉ फ्वा’ (म्हणजे ‘दोनदा’, १९६८) हे रेनाल यांचे सर्वांत महत्त्वाचे काम. दिग्दर्शन त्यांचे आणि पडद्यावरही त्याच. आरंभी त्या जेवत बसलेल्या दिसतात. मग कॅमेऱ्याकडे पाहत पुढे येणारी दृश्ये आधीच सांगून टाकतात. कथा नाहीच. औषधाच्या दुकानातील एक साधी खरेदी पुन्हापुन्हा घडते. दृश्यांना अर्थाच्या धाग्यात ओवणे हे ज्या संकलकाचे रोजचे काम, तिनेच येथे तो धागा काढून घेतला, हे विशेष. १९७६मध्ये ‘कॅमेरा ऑब्स्क्युरा’ या अमेरिकन स्त्रीवादी नियतकालिकाच्या पहिल्याच अंकात या चित्रपटाचे तपशीलवार विश्लेषण आले.

पुढे न्यूयॉर्कला स्थायिक होऊन पती सिड गेफन यांच्यासह त्यांनी ब्लीकर स्ट्रीट सिनेमा व कार्नेगी हॉल सिनेमा ही चित्रपटगृहे चालवली. ‘होटेल न्यूयॉर्क’ (१९८४) हा त्यांचा नंतरचा चित्रपट.