शपथ कोणी द्यायची?
अमेरिकेच्या राज्यघटनेने राष्ट्राध्यक्षाच्या शपथेचे ३५ इंग्रजी शब्द ठरवून दिले, पण ती कोणी द्यायची हे सांगितले नाही. ३० एप्रिल १७८९ रोजी न्यूयॉर्कमध्ये जॉर्ज वॉशिंग्टन यांना शपथ दिली ती त्या राज्याच्या न्यायाधीशाने. सर्वोच्च न्यायालय तेव्हा अस्तित्वातच नव्हते. पुढे सरन्यायाधीशांनी शपथ देण्याचा प्रघात पडला.

सर्वांत घरगुती शपथविधी कॅल्विन कूलिज यांचा. २ ऑगस्ट १९२३ला राष्ट्राध्यक्ष हार्डिंग यांचे सॅन फ्रान्सिस्कोत निधन झाले, तेव्हा उपराष्ट्राध्यक्ष कूलिज व्हरमाँटमधील खेड्यात वडिलांकडे होते. घरात ना वीज, ना टेलिफोन. निरोप्याने मध्यरात्रीनंतर दार ठोठावले. वडील नोटरी होते. पहाटे पावणेतीनच्या सुमारास रॉकेलच्या दिव्याच्या उजेडात त्यांनीच मुलाला शपथ दिली. राज्याच्या अधिकाऱ्याने दिलेली शपथ चालते का, अशी शंका निघाली. शंका तशी फाजीलच, कारण वॉशिंग्टन यांचा दाखला समोर होता. तरीही कूलिज यांनी राजधानीत गाजावाजा न करता ती पुन्हा घेतली.

१९६३ मध्ये राष्ट्राध्यक्ष केनेडींच्या हत्येनंतर लिंडन जॉन्सन यांचा शपथविधी डॅलसच्या विमानतळावर, विमानातच झाला. शपथ देणाऱ्या सारा ह्यूज या राष्ट्राध्यक्षाला शपथ देणाऱ्या पहिल्या महिला न्यायाधीश.