सेवाग्रामातला नास्तिक पाहुणा

ईश्वराच्या प्रश्नावर दोन टोकांना उभी असलेली माणसे वर्धा जिल्ह्यातल्या एका आश्रमात मन मोकळे करून बोलली. नागपूरहून येताना सेलू मागे पडले की पुढे काही मैलांवर सेवाग्राम लागते. हे मूळचे शेगाव. गांधी १९३६ मध्ये तिथे राहायला आले. बुलढाण्याच्या शेगावामुळे टपालाचा घोळ होऊ लागला, म्हणून १९४० मध्ये गावाचे नाव बदलले. आश्रमाचा दिवस प्रार्थनेने सुरू होई आणि प्रार्थनेनेच मावळे. तिथे १९४४ च्या अखेरीस गोरा आले.

गोपराजू रामचंद्र राव ऊर्फ गोरा हे आंध्रातले, वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक. नास्तिक मतांपायी त्यांना नोकरीला मुकावे लागले होते. १९४० मध्ये त्यांनी कृष्णा जिल्ह्यात मुदुनूर येथे नास्तिक केंद्र काढले. ईश्वर म्हणजे नेमके काय, हे त्यांनी गांधींना १९३० मध्येच पत्राने विचारले होते. उत्तराने समाधान झाले नाही, तरी पत्रव्यवहार तुटला नाही.

पहिल्या भेटीत गांधींनी विचारले, निरीश्वर माणसाशी बोलायचे तरी काय? गोरांनी शब्दच दुरुस्त केला: आपण निरीश्वर नव्हे, नास्तिक आहोत. गांधी रागावले नाहीत. दोन्हींत फरक काय, एवढेच त्यांनी पुढे विचारले. वादाला खरी सुरुवात इथे झाली, कारण समोरच्याचा शब्द त्याच्याच अर्थाने समजून घेण्याची तयारी दिसली. गोरांनी मग कलकत्त्याचे उदाहरण दिले. दुष्काळातली उपाशी माणसे खाद्यपदार्थांच्या दुकानांसमोर पदपथावर पडून होती. दैवावर हवाला ठेवल्यामुळेच त्यांनी मरण पत्करले, असे गोरांचे म्हणणे.

पुढे १९४५ मध्ये गोरा कुटुंबासह येऊन तीन महिने राहिले. अस्पृश्यता मोडणे हे दोघांचेही काम होते. गोरांची सहभोजने गांधींना जवळची वाटत. शिवाय ‘ईश्वर हे सत्य’ याऐवजी ‘सत्य हाच ईश्वर’ असे गांधी आधीपासूनच म्हणू लागले होते. त्यामुळे पाय टेकायला दोघांनाही जागा मिळाली. आपली आस्तिकता बरोबर किंवा गोरांची नास्तिकता चूक, असे आपण म्हणू शकत नाही, हे गांधींनी कबूल केले. मत मात्र दोघांनीही सोडले नाही, आणि या संवादाचे मोल त्यातच आहे.

त्याची कसोटी एका लग्नात लागली. गोरांच्या मुलीचे लग्न दलित तरुणाशी ठरले होते. ते सेवाग्रामात लावण्याचे गांधींनी मान्य केले. विधीत ईश्वराच्या जागी सत्याचे नाव घेण्यासही ते राजी झाले. लग्न दोन वर्षे पुढे ढकलले गेले आणि तेवढ्यात गांधींची हत्या झाली. मार्च १९४८ मध्ये हे लग्न सेवाग्रामातच लागले. गांधींशी झालेल्या या चर्चांवरचे गोरांचे इंग्रजी पुस्तक १९५१ मध्ये गांधींच्याच नवजीवन संस्थेने छापले. त्याला प्रस्तावना लिहिली ती किशोरलाल मशरूवाला यांनी.