विल्सनचा वादळपक्षी
ओशनायटिडी कुलातील छोटा समुद्री पक्षी (विल्सन्स स्टॉर्म पेट्रेल). शास्त्रीय नाव ओशनायटीस ओशनिकस. लांबी 16 ते 18 सेंमी., वजन जेमतेम 40 ग्रॅम. रंग काजळी, शेपटीच्या मुळाशी ठळक पांढरा पट्टा, बोटांमधले पडदे पिवळे. पंख उभारून, लांब पाय लोंबते ठेवून तो पाण्यावर टपटप पावले टाकतो आणि प्लवक, कोळंबीसदृश क्रिल, बारीक मासे टिपतो. चोचीवर नळीसारख्या नाकपुड्या असतात. भक्ष्य शोधताना वासाचा मोठा उपयोग होतो.

वीण अंटार्क्टिका व भोवतालच्या बेटांवर, नोव्हेंबर ते मार्च. खडकांच्या फटीत एकच अंडे. स्कुआ पक्ष्यांच्या भीतीने घरट्यात ये-जा बहुधा रात्री. भारताचे ‘भारती’ संशोधन केंद्र (2012) ज्या लार्समन टेकड्यांत आहे, तिथेही तो वीण करतो.

दक्षिणेत हिवाळा सुरू झाला की तो विषुववृत्त ओलांडून अरबी समुद्रात येतो. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यांमुळे सोमालिया-ओमानलगत तळाचे पोषक पाणी वर येते व अन्न मुबलक मिळते. एवढ्याशा जिवाचा हा प्रवास थक्क करणारा आहे. पुण्याच्या पक्षिनिरीक्षकांना तो पाहायचा तर कोकणातून होडीने खोल समुद्रातच जावे लागते. पावसाळ्यात किनाऱ्यावर थकलेला पक्षी सापडल्यास पाण्यात ढकलू नये, वनविभागाला कळवावे.