रामसे बंधू : भयपट बनवणारे घर

१/ १९७० साली ‘एक नन्ही मुन्नी लडकी थी’ हा हिंदी चित्रपट अपयशी ठरला. दिग्दर्शक होते ‘रणांगण’कार विश्राम बेडेकर. मात्र याच अपयशातून हिंदी भयपटाचे सर्वांत प्रसिद्ध घराणे उभे राहिले. (थ्रेड)

२/ निर्माते होते फतेहचंद रामसिंघानी, म्हणजेच एफ. यू. रामसे. कराचीत त्यांचे रेडिओचे दुकान होते. फाळणीनंतर हे सिंधी कुटुंब मुंबईस आले आणि लॅमिंग्टन रोडवर त्यांनी पुन्हा दुकान थाटले. पुढे ते चित्रपटनिर्मितीत उतरले.

३/ त्या पडलेल्या चित्रपटात भेसूर मुखवटा चढवून पृथ्वीराज कपूर चोरी करतात, असा एक प्रसंग होता. प्रेक्षक तेवढ्यासाठीच येतात, हे तुलसी आणि श्याम या मुलांनी चित्रपटगृहात हेरले. मग संपूर्ण चित्रपटच भीतीचा का नसावा, असे त्यांनी वडिलांना सुचवले.

४/ सात भावांनी कामे वाटून घेतली. कुमार लेखन, गंगू छायाचित्रण, किरण ध्वनी, अर्जुन संकलन, केशू निर्मिती, तर तुलसी आणि श्याम दिग्दर्शन. ज्या कामांसाठी इतरांना तंत्रज्ञ नेमावे लागत, ती येथे घरातच होत.

५/ ‘दो गज जमीन के नीचे’ (१९७२) महाबळेश्वर परिसरात चित्रित झाला. सारे कुटुंबच तेथे मुक्कामास गेले. भावांनी पुढे मुलाखतींत सांगितल्यानुसार खर्च सुमारे साडेतीन लाख आणि चित्रीकरण ४० दिवसांचे. घरातील स्त्रियांनी स्वयंपाक सांभाळला. श्रेयनामावलीत भावांची नावे येतात. ही चूल येत नाही. कमी खर्चाचे गणित मात्र तिच्यावरही उभे होते.

६/ महागडे तारे नाहीत, भव्य सेट नाहीत. त्याऐवजी जुने वाडे, धुके, दिव्यांचा खेळ आणि मुखवटे. चित्रपट स्वस्त असल्याने छोट्या शहरांतील प्रेक्षकांच्या बळावरही तो तगू शकत असे. मोठ्या निर्मात्यांनी दुय्यम मानलेला हा प्रकार रामसे कुटुंबाचा हक्काचा प्रांत झाला.

७/ ‘पुराना मंदिर’ (१९८४) या चित्रपटाने मोठे यश मिळवले. त्यातील सामरी हा राक्षस साकारला अजय अगरवाल यांनी. पाठोपाठ ‘वीराना’ (१९८८) आणि ‘बंद दरवाजा’ (१९९०) आले. १९९३ पासून ‘झी हॉरर शो’मुळे ही भीती थेट दिवाणखान्यात पोहोचली.

८/ पुढे भावांच्या वाटा वेगळ्या झाल्या. केशू यांनी ‘खिलाडियों का खिलाडी’ (१९९६) सारखे मारधाडपट काढले. तुलसी २०१८ मध्ये आणि श्याम २०१९ मध्ये निवर्तले.

९/ घर आणि धंदा यांत भिंत नसणे हेच रामसेंचे भांडवल होते आणि हाच त्यांचा धोकाही. चित्रपट पडला तर सगळे घर अडचणीत येई. घर विभागले, तेव्हा स्टुडिओही विभागला. चित्रपटसृष्टीचा इतिहास केवळ ताऱ्यांवरून लिहिला, तर असे घर त्यातून निसटते.