बूच उडाले आणि वंगणाचे कोडे सुटले

१/८
#थ्रेड
बैलगाडीच्या आसाला वंगण लागते, हे खेडोपाडी पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होते. मात्र वंगण नेमके काय करते, याचा उलगडा वाफेच्या इंजिनाला शतक उलटून गेल्यावरही झालेला नव्हता. तो १८८३ साली एका उडालेल्या बुचामुळे झाला.

२/८
एकोणिसाव्या शतकात रेल्वेच्या डब्याचा सारा भार आसाच्या टोकांवरील बेअरिंगवर येई. तेल आटले की धातूवर धातू घासे आणि बेअरिंग तापे. प्रसंगी आस तुटून गाडी रुळांवरून घसरे. यावर उपाय एकच: वरचेवर तेल घालत राहणे.

३/८
घर्षणाचे प्रचलित नियम कोरड्या पृष्ठभागांचे होते: भार दुप्पट, तर घर्षणही दुप्पट. तेल घातलेली यंत्रे हा नियम पाळत नसत. ब्रिटनमधील यांत्रिक अभियंत्यांच्या संस्थेने म्हणून प्रयोग हाती घेतले. ते काम बीचम टॉवर यांच्याकडे आले.

४/८
टॉवर यांनी ४ इंच व्यासाचा फिरता आस घेतला. त्याचा खालचा भाग तेलात बुडालेला होता; वर बेअरिंग आणि बेअरिंगवर भार. घर्षण अपेक्षेहून फारच कमी भरले.

५/८
पुढे वरून तेल सोडण्यासाठी बेअरिंगच्या माथ्यावर अर्ध्या इंचाचे छिद्र पाडले गेले. यंत्र सुरू होताच तेल त्या छिद्रातून वर येऊन सांडू लागले. बूच बसवले, ते निघाले. लाकडी खुंटी ठोकली, तीही बाहेर ढकलली गेली. अखेर दाबमापक जोडला. बेअरिंगवरील सरासरी भार दर चौरस इंचास १०० पौंड होता. दाबमापकाने २०० पौंडांहून अधिक दाब दाखवला.

६/८
याचा अर्थ स्पष्ट होता. आस बेअरिंगला टेकलेलाच नव्हता. तेलाच्या पातळ थराने सारा भार उचलून धरला होता. तेलाचे छिद्र माथ्यावर ठेवण्याची रूढ पद्धतही उलटीच ठरली. दाब जिथे सर्वाधिक, तिथेच तेलाला बाहेरची वाट मिळत होती.

७/८
१८८६ साली ऑस्बर्न रेनॉल्ड्स यांनी यामागील गणित मांडले. फिरता आस चिकट तेलाला निमुळत्या फटीत ओढत नेतो आणि त्यातून दाब निर्माण होतो. याच तत्त्वावर ऑस्ट्रेलियात मिचेल आणि अमेरिकेत किंग्जबरी यांनी स्वतंत्रपणे नवी बेअरिंगे घडवली. अवाढव्य जहाजांचे आणि जलविद्युत यंत्रांचे भार ती पेलू लागली.

८/८
मात्र वेग नसेल तर हा थर टिकत नाही. यंत्राची झीज म्हणूनच सुरू होताना आणि थांबताना अधिक होते. आजही अनेक मोठ्या टर्बाइनांमध्ये आस फिरण्यापूर्वी पंपाने तेल भरतात. टॉवर यांच्या छिद्रातून तेल बाहेर येत होते. येथे तेच दाबाने आत सोडले जाते.

#इतिहास #विज्ञानेतिहास