३० मार्च १९६७ : नागेश कुकुनूर यांचा जन्म

चित्रपट दिग्दर्शक नागेश कुकुनूर यांचा जन्म ३० मार्च १९६७ रोजी हैदराबादेत झाला. अमेरिकेत अभियंता म्हणून कमावलेल्या पैशातून त्यांनी सुमारे १७ लाख रुपयांत 'हैदराबाद ब्लूज' (१९९८) उभा केला. लेखन, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिकाही त्यांचीच. यातली माणसे त्या शहरात बोलतात तशीच इंग्रजी, तेलुगू, हिंदी सरमिसळ बोलतात. नामवंत नट आणि बड्या निर्मात्यांवाचून असा चित्रपट महानगरांतल्या चित्रपटगृहांत प्रेक्षक खेचू शकतो, हे त्याने सिद्ध केले. तुटपुंज्या भांडवलावर आपल्या शहराची गोष्ट सांगू पाहणाऱ्यांना त्यातून मिळालेले बळ हे कुकुनूर यांचे सर्वांत मोलाचे देणे. श्रेयस तळपदे यांना मूकबधिर गोलंदाजाची भूमिका देणाऱ्या त्यांच्या 'इक्बाल'ला (२००५) पुढे राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.