तळकरांचा हिब्रू चित्रपट

‘सोफ हाओलाम स्मोला’ हा आवी नेशेर यांनी दिग्दर्शित केलेला हिब्रू चित्रपट २००४ साली आला. इंग्रजीत त्याला ‘टर्न लेफ्ट अॅट द एंड ऑफ द वर्ल्ड’ असे नाव आहे. फ्रेंच नावाचा अर्थही तोच: जगाच्या टोकाला डावीकडे. भारतातून इस्राएलला गेलेल्या एका ज्यू कुटुंबाची ही कथा आहे. मूळ हिब्रू नावावरून मात्र हा चित्रपट शोधणे अवघड जाते.

अडचण लिपीची आहे. हिब्रू उजवीकडून डावीकडे लिहितात आणि रोजच्या लिखाणात स्वरचिन्हे देत नाहीत. ती प्रार्थनेच्या पोथ्यांत, कवितेत आणि मुलांच्या पुस्तकांत सापडतात. ‘वाव’ हे अक्षर व, ओ किंवा ऊ असे वाचता येते. ‘पे’ प किंवा फ होते. ‘शिन’ श किंवा स होते. त्यामुळे भाषा न जाणणाऱ्याच्या हातून ‘सोफ’चे ‘सूप’ होते आणि ‘स्मोला’चे ‘शमालह’. ‘ओलाम’ला चिकटलेला ‘हा’ कधी सुटा पडतो, कधी गळतो. अक्षरांचा क्रम उलटला तर नाव शेवटाकडून सुरू होते.

कोकणातल्या बेने इस्राएल या ज्यू समाजाला ही अडचण जुनी आहे. या समाजाची घरची भाषा मराठी, प्रार्थनेची हिब्रू. स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये हिब्रूचे प्राथमिक व्याकरण मराठीतून लिहिले. ज्यूंच्या वल्हांडण सणाच्या रात्री वाचली जाणारी ‘हग्गादा’ १८४६ मध्ये मुंबईत मराठी भाषांतरासह छापली गेली. १८७४ मध्ये पुण्यात तिची सचित्र शिळाप्रत निघाली. पानांवर हिब्रू आणि मराठी मजकूर शेजारी शेजारी आहे, आणि बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका चित्रात लुगड्यात दिसतात. ही प्रत सिद्ध करणाऱ्यांत मोझेस जेकब तळकर होते.

या समाजाची आडनावे गावांवरून पडली: पेणचे पेणकर, रोह्याचे रोहेकर, नवगावचे नवगावकर. इस्राएलची स्थापना १९४८ मध्ये झाली. पुढच्या दोन दशकांत समाजातील बरेच लोक तिकडे गेले आणि त्यांतील अनेकांची रवानगी नेगेव वाळवंटातील दिमोना, बीरशेबा अशा गावांत झाली. पेहराव, स्वयंपाक आणि बोली हळूहळू बदलली. आडनावातला ‘कर’ बऱ्याच घरांत टिकला.

चित्रपट याच स्थलांतराच्या काळातला आहे. १९६०च्या दशकाच्या अखेरीस वाळवंटातल्या एका आडबाजूच्या गावात भारतीय कुटुंब येऊन पडते. शेजारी मोरोक्कोहून आलेले ज्यू राहतात. भारतीय इंग्रजी बोलतात, मोरोक्कन फ्रेंच बोलतात आणि दोघांनाही हिब्रू नवीन असते. सारा आणि निकोल या दोन तरुण मुलींची मैत्री, बाटल्यांच्या कारखान्यातला संप आणि क्रिकेटचा सामना यांभोवती कथा फिरते. साराच्या आईवडिलांच्या भूमिका कृतिका देसाई आणि परमीत सेठी यांनी केल्या आहेत.

या भारतीय घराचे आडनाव तळकर आहे. हिब्रूत आणि इंग्रजीत ‘ळ’ नसल्याने ते ‘तलकर’ असे उच्चारले जाते, तरी ‘कर’ मराठी कानाला लगेच ओळखू येतो. ही माणसे कोकणातल्या समाजातली आहेत हे त्यावरून कळते.

अशा चित्रपटाचा शोध घेताना नावाच्या अक्षरांत अडकण्यापेक्षा त्यांच्या शक्य त्या सर्व वाचनांची यादी करावी, मग वर्ष, दिग्दर्शक आणि परभाषांतील नावे जुळवावीत. शेवटी श्रेयनामावलीतली माणसांची नावे पाहावीत: लिप्यंतरात शीर्षक बदलते, पण पात्राचे आडनाव आणि नटाचे नाव सहसा ओळखण्याइतके शिल्लक राहते.